औषध किती, पाणी किती?

पावसाने उघडीप दिली की गावागावांत दोन प्रकारची माणसे एकाच वेळी कामाला लागतात. एकाच्या पाठीवर पंप असतो आणि तो कपाशीत, सोयाबीनमध्ये किंवा भाजीपाल्यात फवारणीला निघतो. दुसरा ग्रामपंचायतीचा किंवा आरोग्य खात्याचा कर्मचारी असतो. तो विहिरीत टीसीएल टाकतो, पाण्याच्या पिंपांत अळीनाशक सोडतो, गटारांवर फवारा मारतो. दोघांची खाती वेगळी आणि हातातली रसायनेही वेगळी. पण काम सुरू करण्याआधी दोघांनाही एकच प्रश्न सोडवावा लागतो : औषध किती आणि पाणी किती?

गणित म्हणून हा प्रश्न शाळेतल्या शेकडेवारीचा आणि त्रैराशिकाचा आहे. त्याहून अवघड त्यात काही नाही. तरीही बहुतेक ठिकाणी त्याचे उत्तर बाटलीच्या झाकणाने, ओंजळीने किंवा शेजाऱ्याला विचारून दिले जाते. झाकण किती मिलिलिटरचे आहे, हे कोणी मोजलेले नसते. एका कंपनीचे झाकण दुसऱ्या कंपनीच्या झाकणाच्या दुप्पट असू शकते, हेही लक्षात घेतले जात नाही.

चुकीच्या हाताळणीची किंमत महाराष्ट्राने मोजली आहे. २०१७ च्या पावसाळ्यात आणि त्यानंतरच्या आठवड्यांत यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन २० हून अधिक शेतकरी-शेतमजूर दगावले. शेकडो जणांना रुग्णालयात दाखल करावे लागले. सरकारने विशेष तपास पथक नेमले. त्या वेळी पुढे आलेली कारणे अनेक होती : दोन-तीन औषधांचे एकत्र मिश्रण, डोक्याला लागेल एवढी वाढलेली कपाशी, बारीक तुषार उडवणारे पंप, संरक्षक कपड्यांचा अभाव, उन्हातान्हात तासन्‌तास चाललेले काम. मास्क, हातमोजे आणि बनावट औषधे यांवर नंतर बरीच चर्चा झाली. ती आवश्यकच होती. पण पंपात नेमके किती मिलिलिटर गेले आणि ते कोणी, कशाने मोजले, हा प्रश्न त्या चर्चेत मागेच राहिला.

टक्का कशाचा?

गोंधळाची सुरुवात बाटलीवरच्या आकड्यापासून होते. बाटलीत असते ते सगळेच औषध नसते. कीड मारणारा क्रियाशील घटक त्यात ठरावीक टक्के असतो. बाकीचे द्रावक, पाण्यात मिसळण्यास मदत करणारे पदार्थ आणि भरताड असते. म्हणून एकाच नावाची औषधे वेगवेगळ्या ताकदीची मिळतात. इमिडाक्लोप्रिडचे उदाहरण घ्या. हे कीटकनाशक बाजारात १७.८ टक्के, ३०.५ टक्के आणि ७० टक्के अशा निरनिराळ्या रूपांत मिळते. पहिली दोन द्रव, तिसरे दाणेदार. गेल्या वर्षी पहिले वापरलेल्या शेतकऱ्याने यंदा दुकानदाराकडून तिसरे आणले आणि ‘पंपाला तेवढेच’ टाकले, तर त्याच्या पंपात जवळजवळ चौपट विष गेले. नाव तेच, पुडीही छोटी. त्यामुळे चूक झाली असे त्याला वाटतही नाही.

यावरचे सूत्र एका ओळीचे आहे. हवे असलेले प्रमाण भागिले बाटलीतले प्रमाण, गुणिले तयार करायचे द्रावण. घरातल्या किंवा दवाखान्यातल्या फरशीसाठी ०.५ टक्के ताकदीचे पाच लिटर द्रावण हवे आहे आणि हाताशी ५ टक्क्यांचे सोडियम हायपोक्लोराइट आहे, असे समजा. ०.५ भागिले ५ म्हणजे एक दशांश. पाच लिटरचा एक दशांश म्हणजे ५०० मिलिलिटर औषध. उरलेले साडेचार लिटर पाणी.

इथेच दुसरी नेहमीची चूक होते. ‘दहापट पातळ करा’ याचा अर्थ अनेकजण एक भाग औषध आणि दहा भाग पाणी असा घेतात. खरा अर्थ एक भाग औषध आणि नऊ भाग पाणी, म्हणजे एकूण दहा भाग. दहापटीत ही चूक फारशी जाणवत नाही. पण दुप्पट पातळ करायचे असेल आणि कोणी एक भागाला दोन भाग पाणी घातले, तर द्रावण निम्म्याऐवजी एक तृतीयांश ताकदीचे होते. हिवताप आणि डेंग्यूच्या काळात घरात धुरळणीसाठी वापरला जाणारा पायरेथ्रमचा अर्क २ टक्क्यांचा असतो आणि तो ०.१ टक्क्यावर आणायचा असतो, म्हणजे वीसपट पातळ. त्यासाठीच्या सूचनांत म्हणूनच स्पष्ट लिहिलेले असते : एक भाग अर्काला १९ भाग रॉकेल. सूचना अशी लिहिली की वाचणाऱ्याला अर्थ लावत बसावे लागत नाही.

हेक्टर, एकर आणि पंप

शेतीच्या औषधांत अडचण आणखी एका पायरीने वाढते. कीटकनाशकाच्या माहितीपत्रकात मात्रा बहुधा हेक्टरी दिलेली असते. विद्यापीठाची शिफारस अनेकदा ‘१० लिटर पाण्यात’ अशी असते. शेतकऱ्याची जमीन एकरांत आणि गुंठ्यांत. त्याच्या पाठीवरचा पंप १५, १६ किंवा २० लिटरचा. म्हणजे माहितीपत्रकापासून पंपापर्यंत येताना आकडा तीन वेळा बदलावा लागतो आणि तो बदलायचा असतो बांधावर उभे राहून, सकाळच्या घाईत.

समजा, एका औषधाची मात्रा हेक्टरी ५०० लिटर पाण्यात २५० मिलिलिटर अशी दिली आहे. एक हेक्टर म्हणजे साधारण अडीच एकर. म्हणून एकराला २०० लिटर पाणी आणि १०० मिलिलिटर औषध. पंप १६ लिटरचा असेल तर २०० लिटरचे साडेबारा पंप होतात. १०० भागिले साडेबारा म्हणजे पंपाला ८ मिलिलिटर. गणित इथे संपले, असे वाटते. पण ते निम्मेच झालेले असते.

कारण पंपाला ८ मिलिलिटर हे उत्तर एकराला साडेबारा पंप लागतील, या गृहीतकावर उभे आहे. भरभर चालणारा मजूर तोच एकर सात पंपांत उरकतो. मग एकरात ५६ मिलिलिटरच औषध पडते. कीड मरत नाही, आठ दिवसांनी पुन्हा फवारणी होते आणि ‘औषध कमजोर आहे’ म्हणून पुढच्या वेळी पंपाला १५ मिलिलिटर टाकले जाते. दुसरा मजूर सावकाश चालतो, प्रत्येक झाड ओले चिंब करतो आणि २० पंप मारतो. त्याच्या एकरात १६० मिलिलिटर जाते. दोघांनीही पंपात नेमके ८ मिलिलिटरच टाकले होते. पंपातली ताकद आणि जमिनीवर पडणारी मात्रा या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पहिली औषध-पाण्याच्या प्रमाणावर ठरते, दुसरी माणसाच्या चालीवर, नोझलवर आणि पंपाच्या दाबावर.

यावरचा उपाय जुना, साधा आणि फुकट आहे. एक गुंठा, म्हणजे ३३ फूट लांब आणि ३३ फूट रुंद जागा, दोरी लावून मोजायची. पंपात १० लिटर साधे पाणी घालायचे आणि नेहमीच्या चालीने, नेहमीच्या नोझलने तेवढी जागा फवारायची. उरलेले पाणी मोजायचे. सहा लिटर उरले, तर गुंठ्याला चार लिटर लागले. एकराचे ४० गुंठे, म्हणून एकराला १६० लिटर. १६ लिटरचा पंप असेल तर दहा पंप. एकरी १०० मिलिलिटर औषध असेल तर या माणसाच्या पंपात १० मिलिलिटर जायला हवे. पीक वाढले, नोझल बदलले किंवा माणूस बदलला की ही चाचणी पुन्हा करायची. अर्ध्या तासाचे काम आहे.

तिप्पट मात्रेचा घोळ

कृषी सल्ल्यांच्या तळाशी एक ओळ वर्षानुवर्षे छापली जाते : दिलेले प्रमाण साध्या पंपासाठी आहे, पॉवर पंपासाठी मात्रा तीनपट करावी. ही ओळ चुकीची नाही. ती पेट्रोलवर चालणाऱ्या, हवेच्या झोताने अतिशय बारीक तुषार उडवणाऱ्या पंपांसाठी लिहिलेली आहे. त्या पंपाला एकरी पाणी फार कमी, सुमारे एक तृतीयांश लागते. पाणी कमी लागते म्हणून टाकीमागे औषध तिप्पट घालायचे. एकरात पडणारे औषध तेवढेच राहते.

पण दरम्यानच्या काळात शेतात बॅटरीवर चालणारे पंप आले. दांडा मारावा लागत नाही म्हणून त्यांनाही लोक ‘पॉवर’चा पंप म्हणू लागले. हा पंप पाणी मात्र जवळपास हातपंपाएवढेच टाकतो. त्यात तिप्पट औषध घातले तर एकरात तिप्पटच पडते. ते अंगावर उडते, हातावर सांडते, श्वासातून जाते, तेही तिप्पट ताकदीचे. एका छापील ओळीतला ‘पॉवर’ हा शब्द यंत्र बदलल्यावरही तसाच राहिला आणि अर्थ घातक झाला. सल्ला देणाऱ्यांनी ही ओळ पुन्हा लिहायला हवी. पंपाच्या नावाऐवजी ‘एकरी इतके लिटर पाणी टाकणारा पंप’ असे सांगितले, तर घोळ उरत नाही.

मिश्रणाच्या वेळचा धोका तर वेगळाच. फवारताना अंगावर येते ते पातळ केलेले औषध. बाटली उघडून मोजताना हाताशी असते ते मूळ, तीव्र औषध. पंपात १० मिलिलिटर औषध १६ लिटर पाण्यात जाते, तेव्हा ते १६०० पट पातळ होते. म्हणजे बाटलीतला एक मिलिलिटर थेंब हातावर सांडणे आणि पंपातले दीड लिटर द्रावण अंगावर घेणे, यांत विषाच्या हिशेबाने फरक नाही. सर्वाधिक काळजी फवारणीच्या चार तासांत घ्यायची असे लोक समजतात. ती आधीच्या चार मिनिटांतही तितकीच घ्यावी लागते. हातमोजे तिथे हवेत, मापाचा पेला तिथे हवा आणि ढवळायला हात नव्हे, काठी हवी.

विहीर, पिंप आणि भिंत

सार्वजनिक आरोग्याच्या कामात हेच गणित वेगळ्या वेषात येते. विहिरीचे पाणी शुद्ध करण्यासाठी ब्लीचिंग पावडर, म्हणजेच गावाच्या भाषेत टीसीएल वापरतात. चांगल्या पावडरीत सुमारे एक तृतीयांश क्लोरीन उपलब्ध असतो. स्वच्छ दिसणाऱ्या पाण्याला १००० लिटरमागे २.५ ग्रॅम पावडर हे नेहमीचे प्रमाण. पाणी गढूळ असेल तर अधिक लागते आणि ते चाचणी करूनच ठरवायचे असते.

प्रश्न येतो तो विहिरीत किती हजार लिटर पाणी आहे, हे कसे कळायचे. गोल विहिरीचा व्यास मीटरमध्ये मोजायचा, त्याचा वर्ग करायचा, पाण्याच्या खोलीने गुणायचे, ३.१४ ने गुणून चारने भागायचे. उत्तर घनमीटरमध्ये येते आणि एक घनमीटर म्हणजे १००० लिटर. चार मीटर व्यासाच्या विहिरीत पाच मीटर पाणी असेल, तर सुमारे ६३,००० लिटर होतात. त्याला १५७ ग्रॅम टीसीएल लागते. उन्हाळ्यात त्याच विहिरीत दोन मीटर पाणी उरले, तर ६३ ग्रॅम. वर्षभर ‘एक डबा’ टाकणारा माणूस उन्हाळ्यात अडीचपट क्लोरीन देतो. लोक पाण्याला वास येतो म्हणून तक्रार करतात, पिण्याचे पाणी दुसरीकडून आणतात आणि ते दुसरे पाणी शुद्ध केलेले नसते. पावसाळ्यात पाणी काठोकाठ भरल्यावर तोच डबा अपुरा पडतो आणि गॅस्ट्रोची साथ नेमकी त्याच दिवसांत येते.

पावडरीची ताकदही कायम राहत नाही. ऊन, उष्णता आणि दमट हवा लागली की क्लोरीन उडून जातो. ग्रामपंचायतीच्या कोपऱ्यात तोंड उघडे ठेवलेल्या पोत्यातली पावडर पांढरीच दिसते, पण तिची ताकद निम्म्यावर आलेली असू शकते. १० लिटर पाण्यात ०.५ टक्क्याचे द्रावण करायचे असेल तर ५० ग्रॅम क्लोरीन हवा. ३३ टक्क्यांची पावडर सुमारे १५० ग्रॅम लागेल, २५ टक्क्यांची २०० ग्रॅम. म्हणून हिशेब केला तरी शेवटी पाणीच तपासावे लागते. क्लोरीन टाकल्यावर तासाभराने विहिरीच्या पाण्यात लिटरमागे अर्धा मिलिग्रॅम मुक्त क्लोरीन शिल्लक असायला हवा. ओटी चाचणीच्या रंगावरून तो कळतो. चाचणी न करता नुसती नोंदवहीत सही केली, तर त्या हिशेबाला अर्थ नाही.

डेंग्यूच्या अळ्यांसाठी पिण्याखेरीज वापराच्या आणि साठवणीच्या पाण्यात टेमिफॉस वापरतात. गावात या कामाला ‘ॲबेटिंग’ म्हणतात. साठवलेल्या पाण्यात त्याचे प्रमाण लिटरमागे एक मिलिग्रॅमच्या वर जाऊ नये, असे जागतिक आरोग्य संघटनेचे मार्गदर्शन आहे. ५० टक्क्यांच्या औषधाने १००० लिटरच्या टाकीला हे प्रमाण गाठायला २ मिलिलिटर पुरतात. २०० लिटरच्या पिंपाला मात्र ०.४ मिलिलिटरच लागते. एवढेसे औषध कोणत्याही झाकणाने मोजता येत नाही. म्हणून आधी ते पाण्यात पातळ करून घ्यायचे असते. १० मिलिलिटर औषध पाण्यात मिसळून एक लिटर द्रावण केले, तर २०० लिटरच्या पिंपाला त्यातले ४० मिलिलिटर लागतात. ४० मिलिलिटर साध्या मापाने मोजता येतात. हे काम प्रशिक्षित कर्मचाऱ्याचेच आहे, पण त्यामागची युक्ती सर्वांना कळण्यासारखी आहे : माप फार लहान झाले की अंदाज करायचा नाही, आधी पातळ करायचे.

भिंतीवरच्या फवारणीतही चालीचा प्रश्न आहेच. हिवतापाच्या भागात घरांच्या भिंतींवर डेल्टामेथ्रिनची २.५ टक्क्यांची पावडर १० लिटर पाण्यात ४०० ग्रॅम या प्रमाणात वापरली जाते. त्या १० लिटरने ५०० चौरस मीटर भिंत व्हायला हवी. तेव्हाच प्रत्येक चौरस मीटरवर २० मिलिग्रॅम औषध बसते. बादलीत ४०० ग्रॅम बरोबर पडले, पण त्यात हजार चौरस मीटर भिंत ‘उरकली’, तर डास भिंतीवर बसतो आणि जिवंत उडून जातो. असे वारंवार झाले की त्या औषधाला न जुमानणारे डास टिकतात आणि वाढतात. कमी मात्रा ही निरुपद्रवी चूक नसते.

एकाच आकड्याचे दोन अर्थ

स्वच्छतेच्या रसायनांत सर्वांत फसवा आकडा ०.५ हा आहे. पिण्याच्या पाण्यात ०.५ असतो तो लिटरमागे मिलिग्रॅममध्ये. रुग्णालयात सांडलेले रक्त पुसायच्या द्रावणात ०.५ असतो तो टक्क्यांत. एक टक्का म्हणजे लिटरमागे १०,००० मिलिग्रॅम. म्हणजे दुसरा ०.५ पहिल्याच्या दहा हजार पट आहे. आकडा ऐकणाऱ्याने ‘कशाचे?’ असे विचारले नाही, तर हा फरक कुठेच दिसत नाही. परिपत्रकातला आकडा एककाशिवाय तोंडी पुढे जातो, तेव्हा अशीच गल्लत होते.

करोनाच्या पहिल्या महिन्यांत एककांच्याही आधीचा प्रश्न विसरला गेला : हे द्रावण कशासाठी आहे? मार्च २०२० च्या अखेरीस उत्तर प्रदेशातील बरेली येथे गावी परतणाऱ्या मजुरांना रस्त्यावर बसवून त्यांच्यावर बसगाड्यांसाठीचे हायपोक्लोराइटचे द्रावण फवारण्यात आले. त्यात लहान मुलेही होती. डोळे चुरचुरल्याच्या तक्रारी आल्या. अनेक शहरांत सोसायट्यांच्या आणि बाजारांच्या दाराशी फवाऱ्याचे बोगदे उभे राहिले. अखेर १८ एप्रिल २०२० रोजी केंद्रीय आरोग्य मंत्रालयाला स्पष्ट सांगावे लागले की, माणसांच्या अंगावर जंतुनाशक फवारण्याची शिफारस कोणत्याही परिस्थितीत करता येत नाही. फरशीसाठी बरोबर असलेले प्रमाण त्वचेसाठी, डोळ्यांसाठी आणि फुप्फुसांसाठी बरोबर ठरत नाही.

घरातही हेच लागू आहे. ब्लीच अधिक, संडास धुण्याचे ॲसिड अधिक, म्हणजे सफाई दुप्पट, असे गणित मांडले जाते. प्रत्यक्षात या दोन्हींच्या मिश्रणातून क्लोरीन वायू बाहेर पडतो. बंद न्हाणीघरात तो जीवघेणा ठरू शकतो. अमोनिया असलेल्या क्लीनरबरोबरही ब्लीच मिसळू नये. जंतुनाशकाचे काम ताकदीबरोबर वेळेवर चालते. आधी मळ धुवायचा, मग योग्य ताकदीचे द्रावण लावून सांगितलेली मिनिटे ओले राहू द्यायचे. लगेच पुसलेले तीव्र द्रावण नाकाला झोंबते, जंतू मात्र उरतात.

जास्त म्हणजे चांगले नव्हे

‘थोडे जास्त घातले तर काय बिघडते?’ हा प्रश्न शेतात आणि घरात सारखाच विचारला जातो. बिघडते ते असे. कीड मारायला लागणारी मात्रा ओलांडली की वाढीव औषध किडीवर काही जास्त काम करत नाही. ते पानावर, मातीत, विहिरीच्या पाण्यात, भाजीत आणि फवारणाऱ्याच्या शरीरात जाते. मोनोक्रोटोफॉस, प्रोफेनोफॉस यांसारखी सेंद्रिय फॉस्फरसयुक्त कीटकनाशके मज्जातंतूंचे संदेश थांबवणारे एक विकर निकामी करतात. किडीत होते तेच माणसात होते. घाम आणि लाळ वाढते, बाहुल्या आकसतात, मळमळते, छातीत दाटते आणि शेवटी श्वास थांबतो. ही औषधे त्वचेतूनही शरीरात जातात. घामाने भिजलेला सदरा अंगावर असताना पंप गळत असेल, तर औषध पाठीवरून दिवसभर आत जात राहते.

अशी लक्षणे दिसताच फवारणी थांबवायची, कपडे उतरवायचे, अंग साबण-पाण्याने धुवायचे आणि रुग्णालय गाठायचे. १०८ क्रमांकाची रुग्णवाहिका बोलवायची. ओकारी काढायला लावू नये. सोबत औषधाची बाटली किंवा लेबल न्यायचेच. कोणते औषध होते, हे कळले तर उपचाराची दिशा लगेच ठरते. दोन-तीन औषधांचे मिश्रण मारले असेल तर सगळी लेबले न्यायची. मिश्रणाचा एक तोटा हाही आहे की डॉक्टरांपुढे एकाऐवजी तीन विषे उभी राहतात.

रिकाम्या बाटलीचाही हिशेब ठेवायला हवा. जुलै २०१३ मध्ये बिहारच्या सारण जिल्ह्यात शालेय पोषण आहारातून विषबाधा होऊन २३ मुले मरण पावली. त्या अन्नात मोनोक्रोटोफॉस सापडले. औषधाच्या जुन्या डब्यात स्वयंपाकाचे तेल ठेवले गेल्याचा संशय तपासात पुढे आला. मापासाठी स्वयंपाकघरातला चमचा नेणे आणि तो धुऊन परत आणणे, हीदेखील त्याच वाटेवरची पायरी आहे.

गणित सोपे करणे कोणाचे काम?

प्रत्येक दुर्घटनेनंतर ठपका फवारणाऱ्यावर येतो. त्याने मास्क लावला नाही, त्याने लेबल वाचले नाही. पण लेबल वाचायचे तर ते वाचता आले पाहिजे. कीटकनाशक कायदा १९६८ सालचा आणि त्याखालचे नियम १९७१ चे. त्यानुसार लेबलवर लाल, पिवळा, निळा किंवा हिरवा त्रिकोण असतो आणि माहितीपत्रक प्रादेशिक भाषेतही द्यावे लागते. ते असते, पण घडी घालून, भिंगाने वाचावे लागेल अशा अक्षरांत, आणि मात्रा हेक्टरी. प्रत्यक्ष पंप भरणारा बहुतेकदा रोजंदारीवरचा मजूर असतो. बाटली मालकाने आणलेली, शिफारस दुकानदाराने केलेली, माहितीपत्रक दुकानातच फाटलेले.

म्हणून काही कामे मजुराकडे नव्हे, व्यवस्थेकडे मागितली पाहिजेत. पहिले, प्रत्येक बाटलीबरोबर मिलिलिटरच्या खुणा असलेला मापाचा पेला सक्तीचा करावा. लहान मुलांच्या खोकल्याच्या औषधाबरोबर तो मिळतो. विषाच्या बाटलीबरोबर मिळू नये, याला काही कारण नाही. दुसरे, लेबलवर हेक्टरी मात्रेच्या शेजारी एकरी मात्रा आणि १५, १६ व २० लिटरच्या पंपाची मात्रा ठळक मराठीत छापावी, त्यासाठी एकरी किती पाणी धरले आहे तेही लिहावे. तिसरे, कृषी सेवा केंद्राच्या बिलावर औषधाच्या नावापुढे टक्केवारी आणि पंपाची मात्रा लिहिणे बंधनकारक करावे. डॉक्टर चिठ्ठीवर गोळी किती वेळा घ्यायची ते लिहितो, तसेच हे आहे. चौथे, गावातल्या प्रत्येक सार्वजनिक विहिरीच्या कठड्यावर दर फूट पाण्याला किती ग्रॅम टीसीएल, हे रंगाने लिहून ठेवावे. चार मीटर व्यासाच्या विहिरीसाठी तो आकडा सुमारे साडेनऊ ग्रॅम येतो. एकदा काढला की विहिरीचा व्यास बदलत नाही, आकडाही बदलत नाही. फक्त दोरीने पाण्याची खोली मोजायची आणि गुणायचे.

पाचवे काम शाळेचे. शेकडेवारीच्या धड्यात नफा-तोट्याची आणि व्याजाची उदाहरणे असतात. त्यांत एक उदाहरण १६ लिटरच्या पंपाचे आणि एक गावच्या विहिरीचे घालायला काही खर्च नाही. ग्रामीण शाळेतल्या कित्येक मुलांच्या घरी तो पंप पडवीत टांगलेला असतो. घरात हिशेब लिहिता येणारे बहुतेकदा तेच मूल असते आणि बाटलीवरचे वाचून सांगणारेही तेच. त्याला ‘१६ लिटरला किती?’ हे नेमके काढता आले, तर त्या घरातला अंदाज थांबेल.

यांतील एकाही गोष्टीला नवे संशोधन किंवा मोठा निधी लागत नाही. पुढचा खरीप येण्याआधी या पाचही गोष्टी करता येण्याजोग्या आहेत. तोवर ज्याच्या हातात बाटली आहे त्याने मापाचा एक पेला विकत घ्यावा, त्यावर ‘फक्त औषधासाठी’ असे लिहावे आणि तो पंपालाच बांधून ठेवावा.